कज्जलपट: लिहिलेलं बांधतं कसं आणि पावसाळ्यात सुटतं कसं

प्रश्न असा आहे. बेळगावजवळच्या खानापूरकडच्या एका मुलीने कादंबरी लिहायला घेतली आहे. घाटमाथ्यावरचं एक कल्पित राज्य, आणि तिथे ‘कज्जलपट’ नावाचं घडीचं काळं कापड. त्यावर पांढऱ्या कांडीने लिहावं ते खरं होतं. ती विचारते, ‘मावशी, मंत्र आणि शाप सोडून हा पट आणखी कुठे वापरता येईल? आणि माझी मैत्रीण म्हणते, असं कापड हातात असताना नायिका पहिल्याच पानावर “युद्ध संपलं” असं लिहून मोकळी का होत नाही? याला माझ्याकडे उत्तर नाही.’

बाळ, तुझ्या मैत्रिणीची शंका रास्त आहे. शेवटच्या प्रकरणात ठिगळ लावून ती मिटणार नाही, पटाच्या मुळाशी हात घालावा लागेल. ‘लिहिलेलं खरं होतं’ हा नियम काढून टाक आणि ‘लिहिलेलं बांधतं’ हा ठेव. ज्याने लिहून दिलं आणि ज्यांनी साक्ष घातली, तेवढ्यांनाच पट बांधतो. बाकीच्या जगावर त्याची सत्ता नाही. आता तुझी नायिका ‘युद्ध संपलं’ असं लिहील, तर ती एकटीच बांधली जाईल. तिला तलवार उचलता येणार नाही, आणि पलीकडचं सैन्य चालून येतच राहील. तिला शत्रूलाही त्याच पटाशी आणून बसवावं लागेल. मला विचारशील तर तुझी कादंबरी हीच आहे.

हे मी जादूच्या अभ्यासातून सांगत नाही. मी बेळगावात शहापूरला राहते, २८ वर्षं मोडी कागद वाचून देते आणि घरी जुन्या पद्धतीने शाई करते. इकडच्या जुन्या घरातली पेटी उघडली की एकाच रुमालात मोडीतली कबुलायत, बाळबोध मराठीतली पावती, इंग्रजी शिक्का आणि कन्नड उतारा निघतो. १ नोव्हेंबर १९५६ ला हा जिल्हा मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला, त्यामुळे पेटीच्या साधारण मध्यावर कागदांची भाषाच बदलते. पण सगळ्या भाषांतल्या कागदांत काम एकच चाललेलं असतं. कोणीतरी कोणालातरी शब्द दिलेला असतो आणि तो मोडू नये म्हणून लिहून ठेवलेला असतो. अमुक खंडी भात देईन, तमुक बांधापलीकडे नांगर घालणार नाही, विहिरीवरची पाळी सोडणार नाही. लिहिण्याची ताकद मी इथे पाहिली, म्हणून तुझ्या पटाला तीच दे म्हणते.

आता पटाकडे येऊ. तू तो कल्पनेतून काढलास असं लिहिलं आहेस, पण अशी वस्तू कर्नाटकात खरोखर होती. तिला कडत म्हणतात. चिंचोक्याची खळ आणि कोळशाची पूड कापडाला चोपडून ते पाटीसारखं काळं कडक करायचं, पंख्याच्या घड्यांसारखं दुमडायचं आणि बळपाने, म्हणजे पांढऱ्या मऊ दगडाच्या कांडीने, त्यावर लिहायचं. व्यापाऱ्यांचे हिशेब अशा कडतांवर असत, शृंगेरी मठाच्या जुन्या नोंदीही आहेत. हे कापड गेलं, शब्द राहिला. आज इथल्या सरकारी कचेरीत फाईलला कन्नडात कडतच म्हणतात.

मी एक करून पाहिलं होतं, ते सांगते, कारण तुझ्या कथेचे निम्मे नियम त्यातून आपोआप निघतील. चिंचोके भाजून टरफल काढलं, रात्रभर भिजत घातले, पाट्यावर वाटून मंद आचेवर शिजवले. घोंगडीच्या ताण्याला देतात तीच खळ. त्यात वस्त्रगाळ कोळसा कालवून मांजरपाटाच्या पट्टीला दोन्ही बाजूंनी लावला, वाळवला, पुन्हा लावला. असे चार हात दिले. शेवटी गुळगुळीत गोट्याने घोटला. घोटताना घरभर चिंचेचा आणि जळक्या लाकडाचा वास सुटतो. पट्टी दुमडली तेव्हा पहिल्याच घडीवर केसाएवढी भेग पडली. खळ जास्त झाली होती. दुसऱ्या खेपेला ती कमी केली, तर बळप कापडावर नीट उमटेना. तिसऱ्या खेपेला जमलं.

त्या भेगेकडे नीट बघ. कितीही चांगला पट केला तरी तो घडीवरच आधी झिजणार. म्हणजे घडीवर पडलेलं अक्षर सगळ्यांत आधी जाणार. तुझ्या राज्यात पट लिहिणारा कारकून हे जाणून असेल. धन्याचं वचन तो मधल्या सपाट जागेत लिहील आणि कुळाचं बरोबर घडीवर आणील. किंवा उलट, कुळाची बाजू घ्यायची असेल तर धन्याचं. पटावर ओळ कुठे मोडावी एवढ्या कसबावर एक माणूस खलनायक होऊ शकतो, हे वाचकाला पटेल, कारण वस्तू तशीच आहे. त्यासाठी वेगळ्या काळ्या जादूची गरज नाही.

पुसण्याचं तसंच. ओल्या तळहाताने कडत पुसलं जातं आणि पुन्हा लिहिता येतं, व्यापाऱ्यांना ते आवडण्याचं कारण हेच. पण खिडकीशी तिरकं धरलं तर आधीच्या ओळीची सावली दिसते. मला माझ्या पट्टीवर तीन थर दिसले होते. तुझ्या पटावरही सुटलेल्या वचनाची सावली राहू दे. लग्न मोडलेल्या माणसाला ठरावीक तिथीला एका विशिष्ट गावाच्या दिशेने पाय ओढल्यासारखे वाटतात, कर्ज फिटलेला माणूस सावकाराच्या दारावरून जाताना नकळत थांबतो. जुना पट स्वस्त मिळतो, पण त्यावर कोणाचं काय पुसलं आहे ते कळत नाही, म्हणून शहाणी माणसं नवा पट घेतात आणि गरिबाला दुसऱ्याच्या सावल्या अंगावर घेऊन वचन द्यावं लागतं. हा भाग मला स्वतःला फार महत्त्वाचा वाटतो. कुठलीही मौल्यवान वस्तू समाजात आली की तिची उतरलेली आवृत्ती गरिबाच्या वाट्याला येते. तुझ्या राज्यातही ते दिसायला हवं.

आता पाऊस. ऑगस्ट २०१९ च्या पुरानंतर मलप्रभेकाठच्या एका गावातून एक कुटुंब पत्र्याची पेटी घेऊन माझ्याकडे आलं. पेटीत पाणी शिरलं होतं. घरच्यांनी घाईने कागद उन्हात टाकले आणि ते पापडासारखे एकमेकांना चिकटून कडक झाले. मी तो रुमाल ओल्या फडक्यांच्या घडीत ठेवून दोन दिवस नुसता मऊ होऊ दिला, मग बांबूच्या पातळ चिपेने एकेक पान सोडवलं. एका कागदावर काजळाची शाई होती. काजळ, बाभळीचा डिंक, पाणी. ती शेकडो वर्षं उन्हात विटत नाही, पण कागदावर वरवर बसलेली असते. पाणी लागलं की डिंक विरघळतो आणि अक्षर उठून जातं. तिथे करड्या ढगाशिवाय काही उरलं नव्हतं. दुसऱ्या कागदाची शाई हिराकस आणि हिरड्याची होती. ती लिहिताना फिकी असते, हवा लागली की काळी होत जाते आणि कागदाच्या तंतूत उतरते. पुराच्या पाण्यातही अक्षरं जागच्या जागी होती, पण तीच शाई वर्षानुवर्षं कागद खाते. काही ठिकाणी अक्षराच्या आकाराची भोकं पडली होती. त्या कुटुंबातल्या आजीने तो कागद खिडकीसमोर धरला, तर तिच्या आजेसासऱ्याचं नाव उजेडाने लिहिलेलं दिसलं. ती बराच वेळ तो तसाच धरून बसली.

पाण्याने काय जातं आणि काय राहतं, यावर तुझं अख्खं राज्य उभं राहू शकतं. चिंचोक्याची खळ दमट हवेत मऊ पडते, तिला बुरशी येते. तुझी राजधानी तू कणकुंबीच्या अंगाने कल्पिली असशील, तर तिथला पाऊस तुला सांगायला नको. मलप्रभा तिथेच उगवते आणि चार महिने आभाळ गावाच्या कौलांवर टेकलेलं असतं. तेव्हा नियम असा कर की मृग लागला की पटाची गाठ सैल होते आणि दसऱ्याला पुन्हा आवळते. आपल्याकडे मराठ्यांची सैन्यं दसऱ्याला सीमोल्लंघन करून मोहिमेवर निघत, कारण पावसाळ्यात वाटा आणि नद्या बंद. तुझ्या राज्यात उलटं होईल. ज्याला तह मोडायचा आहे तो ज्येष्ठापर्यंत वाट पाहील आणि चिखलातून, फुगलेल्या ओढ्यातून सैन्य घेऊन येईल, कारण तेवढेच दिवस त्याचे हात मोकळे. म्हणून तिथली युद्धं पावसाळी असतील. म्हणून राजवाड्यात एक खोली वर्षभर शेगडीने कोरडी ठेवलेली असेल. ती शेगडी विझू न देणाऱ्या बाईला सेनापतीपेक्षा जास्त मान असेल, आणि तिला विकत घ्यायला शत्रू काय वाटेल ते देईल. मैत्रिणीला हे ऐकव.

पाण्याला न जुमानणारी शाई हवीच असेल तर ती खानापूरच्या रानात आहे. बिब्बा. परीट कपड्यावर खूण घालायला त्याचा रस वापरत, ती खूण धुऊन जात नाही. पण बिब्बा अंगावर उततो, फोड येतात, आठवडाभर आग होते. लहानपणी बिब्ब्याच्या झाडाखाली खेळून आल्यावर आईने मला खोबरेल तेल लावून दोन रात्री मांडीवर घेतलं होतं, ती जळजळ मला अजून आठवते. तुझ्या राज्यात कायमचं वचन न काळवलेल्या पांढऱ्या कापडावर बिब्ब्याने लिहिलं जाऊ दे, आणि देणाऱ्याने ते स्वतःच्या हाताने लिहावं लागू दे. हातावर उतलेलं असेल त्याला लोक वाटेत ओळखतील, ‘याने कोणालातरी जन्माचा शब्द दिला आहे’ म्हणतील. नवी नवरी, नवा राजा, दत्तक घेणारी आई, सगळ्यांचे हात काही दिवस फडक्यात गुंडाळलेले. जादूची किंमत अशी कातडीवर दिसावी. ‘शक्ती क्षीण होते’ असं लिहिलंस तर वाचकाच्या अंगाला काहीच लागत नाही.

उपयोग विचारलेस. मंत्र-शाप सोडून पहिला उपयोग शिवेचा. दोन गावांमधली शीव दगडाने दाखवतात, पण दगड रात्रीतून सरकतो. पटावर दोन्ही पाटलांनी शीव लिहून दिली तर पलीकडे नांगर घालणाऱ्याचा बैलच पाऊल टाकणार नाही. दुसरा पाण्याच्या पाळीचा. तळ्याचं पाणी कोणत्या शेताला किती घटका हे लिहिलं असेल तर मोरी आपोआप मिटेल. इथे वाद असा घाल की दुष्काळ पडला आणि पट वाकायला तयार नाही. भरल्या तळ्याकाठी शेजाऱ्याचं शेत जळतं आहे आणि देणाऱ्याची इच्छा असूनही त्याला जास्तीची एक घटका देता येत नाही. बांधणारी वस्तू दयेलाही बांधते. विणकराची उचल, नावाड्याचा उतारपरवाना, वैद्याची पथ्यं, हे सगळं तुला सुचेलच, त्यावर मी जास्त लिहीत नाही.

लबाडीचं मात्र लिहिते, कारण माझ्या टेबलावर तीच जास्त येते. मोडीत आधी आडवी रेघ ओढून घेतात आणि तिला अक्षरं लटकवत जातात, शब्दाशब्दांत मोकळी जागा सोडत नाहीत. त्यामुळे मागाहून मध्येच शब्द घुसवायला फट मिळत नाही. दरबारी पत्र संपलं की तिथे मोर्तब उठवायचं, छोटी मुद्रा. कशावर ‘लेखनसीमा’ असतं, कशावर ‘मर्यादेयं विराजते’. लिहिणं इथे संपलं, याच्या खाली आलेली ओळ आमची नव्हे. ताम्रपटांतही हीच काळजी असे. पत्रे एका कडीत ओवून कडीच्या तोंडावर राजमुद्रा ठोकायची, म्हणजे मधला पत्रा बदलता येत नाही. पहिल्या आणि शेवटच्या पत्र्याची बाहेरची बाजू कोरी सोडायची, म्हणजे अक्षर घासलं जात नाही. तुझ्या पटालाही मोर्तब लागू दे. आणि एखाद्या प्रकरणात ते राहून जाऊ दे. मुद्रा नसलेला पट म्हणजे न संपलेलं वचन. तो कोणीही पुढे लिहू शकतो आणि देणारा त्यात अडकत जातो. तुझ्या नायिकेच्या वडिलांनी तरुणपणी असा एक पट दिलेला असेल तर?

शाप पूर्ण सोडू नकोस, एवढं माझं ऐक. आपल्या भागात तो दानाच्या शेपटीला येतो. तुझ्याच तालुक्यातलं हलशी म्हणजे कदंब राजांची पलाशिका. तिथे पाचव्या-सहाव्या शतकांतले ताम्रपट सापडले. काकुस्थवर्म्याने श्रुतकीर्ती नावाच्या सेनापतीला शेत दिल्याची नोंद त्यांतल्या एकात आहे. जुन्या दानपत्रांच्या शेवटी वारंवार येणारा श्लोक सांगतो की स्वतः दिलेली किंवा दुसऱ्याने दिलेली जमीन जो हिरावून घेईल तो साठ हजार वर्षं विष्ठेतला किडा होईल. ज्याला वाचता येत नसे त्याच्यासाठी कोकणात, गोव्यात, कोल्हापूरकडे गद्धेगाळ, म्हणजे शापाचा दगड, रोवत: वर चंद्रसूर्य, खाली गाढवाची शिवी, चित्रातच. चंद्रसूर्य आहेत तोवर हे दान चालेल, मोडणाऱ्याच्या घराण्याची अशी विटंबना होईल. तुझ्या राज्यातही प्रत्येक पटाला असं एक चित्र असू दे, कारण निरक्षर माणसाला बांधायचं तर त्याला काय बांधतं आहे हे दिसलं पाहिजे. न कळता घातलेला अंगठा पटाने मान्य करू नये, असं मला मनापासून वाटतं. मी वाचलेल्या कागदांत असे अंगठे फार आहेत.

आणखी एक प्रश्न तुझ्यासाठी सोडते. बेळगावच्या किल्ल्यात कमल बस्ती, म्हणजे जैन मंदिर, आहे. १२०४ च्या सुमाराला, रट्ट राजा चौथा कार्तवीर्य याच्या काळात, त्याचा मंत्री बिचिराज याने ती बांधली. त्या दानाचे शिलालेख आज लंडनला ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत. दिलेली जमीन इथे, आणि दिल्याचा शब्द समुद्रापलीकडे. मी किल्ल्यात गेले की मला ते दोन दगड आठवतात. तुझ्या जगात पट जागेवरून हलला तर काय होतं? दूर नेला की गाठ सैल होते, की ताणलेल्या दोरीसारखी काचायला लागते? मला दुसरं आवडेल. पट पळवणाऱ्याला शिक्षा होत नाही, इथल्या माणसांचा जीव मात्र कासावीस होतो, आणि त्यांना कारण कळत नाही.

लिपीचंही ठरव. इथल्या माणसाला घरात मराठी, बाजारात कन्नड, कचेरीत आणखी तिसरं, हे सवयीचं आहे. दोन भाषांचे लोक एका पटावर बसले तर दोन्ही लिप्यांत लिहावं लागेल आणि दोन्हींचा अर्थ नेमका सारखा निघणार नाही. मराठीत ‘देईन’ लिहिलं आणि दुसऱ्या भाषेत ‘द्यावं लागेल’ असं उतरलं, तर कोण किती बांधला गेला? दुभाषा हा तुझ्या कथेतला सगळ्यांत जबाबदार माणूस असेल. तो शूर नसला तरी चालेल, काटेकोर हवा.

शेवटी तुझ्या नायिकेच्या जन्माचं. तू लिहिलं आहेस की तिच्या नशिबाचा पट कोणीच वाचलेला नाही. हे तुला कुठून सुचलं ते मला ठाऊक आहे, कारण तुझ्या घरीही झालं असणार. माझ्या धाकट्या भावाच्या पाचवीला आजीने पाटावरवंटा मांडला, हळदकुंकू वाहिलं, निरांजन लावलं आणि बाजूला कोरा कागद आणि बोरू ठेवला. रात्री सटवाई येऊन बाळाचं ललाट लिहून जाते, तेव्हा कोणी बघायचं नाही. मी सात वर्षांची होते. पहाटे उठून चोरपावलांनी गेले. कागद कोराच होता, फक्त निरांजनाच्या काजळीचा एक ठिपका पडला होता. मी आजीला म्हटलं, ‘काही लिहिलंच नाही.’ आजीने कागद माझ्या हातून घेतला, घडी घातली आणि बाळाच्या उशाखाली ठेवला. ‘लिहिलंय. तुला वाचता येत नाही अजून.’ तुझ्या नायिकेचा पट असाच पूर्ण काळा, एकही पांढरी रेघ नसलेला असू दे. आणि तिला तो तिरक्या उजेडात धरण्याची बुद्धी फार उशिरा सुचू दे.

पुढचं प्रकरण लिहिण्याआधी एक काम कर. मूठभर चिंचोके आज रात्री भिजत घाल, वीतभर मांजरपाट घे आणि वर सांगितलं तसा छोटा पट करून बघ. बळप मिळाला नाही तर पाटीवरची पेन्सिल चालेल. त्यावर खरोखर पाळायचा आहे असा एक शब्द कोणालातरी लिहून दे, दोन दिवसांनी ओल्या हाताने पूस आणि खिडकीशी धर. तिथे जे दिसेल, आणि पुसताना हाताला जे वाटेल, ते पहिल्या प्रकरणात घाल आणि मला पाठव.